क्षमेचे मोल

सासऱ्यांची दृष्टी मंदावली आणि आमच्या कापडाच्या ठोक पेढीवरील उधारीची वही माझ्याकडे आली. हिशेब मला अवघड गेला नाही. अवघड गेले ते बोलणे. माझ्या प्रत्येक वाक्याच्या आरंभी ‘माफ करा’ हे शब्द येत. “माफ करा शेठजी, त्रास देते, जमले तर बिलाचे पाहाल का?” पलीकडून हसून उत्तर येई, “पाहू, वहिनी.” आणि ते पाहणे पुढच्या महिन्यावर जाई.

त्या दिवाळीपूर्वी गिरणीचे देणे चुकते करण्यासाठी पप्पाजींना ठेव मोडावी लागली. ते मला रागावले नाहीत. संध्याकाळच्या सामायिकानंतर त्यांनी एवढेच विचारले, “बेटा, माल आपण चोख दिला, मुदतही दिली. मग क्षमा कशाची मागतेस?” माझ्याजवळ उत्तर नव्हते.

पाच समितींमधील भाषासमिती मी लहानपणी पाठशाळेत शिकले होते. साधूंसाठी सांगितलेला हा संयम श्रावकालाही वाट दाखवतो. बोलणे हितकर असावे, मोजके असावे आणि संदेहरहित असावे. मी मृदुतेलाच सर्वस्व मानले होते. संदेह मात्र माझ्या प्रत्येक वाक्यात होता. आपल्या मागणीची हिलाच खात्री नाही, असे ऐकणाऱ्याला वाटत असे.

दुसऱ्या दिवसापासून विनाकारण उच्चारलेल्या प्रत्येक ‘माफ करा’साठी मी कच्च्या वहीच्या शेवटच्या पानावर एक रेघ ओढू लागले. पहिल्या दिवशी २७ रेघा झाल्या. फोन लावण्यापूर्वी मनात एक नवकार म्हणायचा. मग बिलाची तारीख व रक्कम सांगून पैसे कोणत्या दिवशी मिळतील, एवढेच विचारायचे. आवाज चढवायचा नाही. आरंभी जीभ अडखळे. होळीपर्यंत ते पान कोरे राहू लागले. सारी उधारी वसूल झाली असे नाही. पण ‘पाहू’ म्हणणारे आता तारीख सांगू लागले.

गेल्या पर्युषणाच्या आधी माझ्या हातून एक चूक झाली. एका दुकानदाराला दोन थान कमी गेले आणि बिल पूर्ण लागले. लक्षात येताच मी त्यांना कळवले, “चूक माझी आहे. क्षमा करा. फरक आजच जमा करते.” त्यांनी पुढचा माल त्याच फोनवर सांगितला.

संवत्सरीच्या प्रतिक्रमणानंतर पप्पाजींपुढे हात जोडून मी ‘मिच्छामि दुक्कडं’ म्हटले. माझे दुष्कृत मिथ्या होवो, हा त्याचा अर्थ. वर्षभर क्षमेचा शब्द उधळला नव्हता; म्हणून त्या दिवशी मला त्याचे वजन जाणवले.