आजीचा संदर्भ चालत नाही

मनीषनगरला इतिहास नाही, असं इथे राहणारेच सांगतात. महालातल्या माणसाकडे गोंड राजाचा किल्ला असतो, भोसल्यांचे वाडे असतात, तान्ह्या पोळ्याला मारबत असते. आमच्याकडे एक रेल्वे फाटक होतं. नागपूर-वर्धा मार्गावरचं हे फाटक पडलं की अर्धं मनीषनगर हँडलवर हात ठेवून वर्धा रोडकडे बघत राही. मालगाडी संपता संपत नसे, आणि तेवढ्या वेळात शेजारच्या स्कूटरवाल्याच्या मुलाचं लग्न कुठे ठरलं हेही कळून जाई. नोव्हेंबर २०२०मध्ये उड्डाणपूल सुरू झाला. आता माणसं वरून जातात, गाड्या खालून, आणि कुणाचं कुणाला काही कळत नाही.

वस्ती नवी असली तरी तिच्यात राहायला आलेल्या भाषा नव्या नाहीत. बेसा-बेलतरोडीकडे अजून इमारती चढतायत. तिथे विटांच्या ढिगाशेजारी संध्याकाळी चुली पेटतात आणि छत्तीसगढीतून भांडणं ऐकू येतात. आमचा चौकीदार शिवनीकडचा. रात्री फोनवर तो गोंडी बोलतो. लिफ्टचं दार उघडल्याचा आवाज आला की हिंदीत येतो. हा बदल इतका सवयीचा आहे की त्याला स्वतःला तो जाणवत असेल असं वाटत नाही. आणि वरच्या मजल्यावर तीन मुली भाड्याने राहतात. त्यांतली एक यवतमाळ जिल्ह्यातल्या पांढरकवड्याकडची, कोलाम पोडावर, म्हणजे कोलामांच्या वस्तीत, वाढलेली.

तिघी भाषाविज्ञानाच्या विद्यार्थिनी. त्यांच्या बाईंनी यंदा गृहपाठाचे निबंध बंद केले आणि सांगितलं, ज्या भाषांवर फारसं लिहिलं गेलेलं नाही अशी एकेक भाषा घ्या आणि तिच्यावर विकिपीडियावर मराठीत लेख लिहा. निबंध वाचणार मी एकटी, हा लेख कोणीही वाचेल, असं त्यांचं म्हणणं. एकीने मेळघाटातली कोरकू घेतली. दुसरीने बुलडाण्याच्या जळगाव जामोद भागातली निहाली. तिसरी अर्थातच कोलामी घेऊन बसली. आमचं वायफाय बरं चालतं म्हणून ती खाली येते, आणि अशा रीतीने विकिपीडियाची धूळपाटी, म्हणजे लेख लिहून पाहायचं सरावाचं पान, माझ्या जेवणाच्या टेबलावर आली.

तिने पहिल्याच दिवशी लिहिलं होतं, की पोडावरच्या म्हाताऱ्या माणसांची कोलामी आणि शाळेत गेलेल्या पोरांची कोलामी आता एकसारखी राहिलेली नाही. साधं, खरं वाक्य. दुसऱ्या दिवशी त्याच्यापुढे चौकटी कंसात ‘संदर्भ हवा’ लागलं. तिने चर्चा पानावर लिहिलं, माझी आजी बोलते, मी ऐकते. संध्याकाळी वाक्य गेलेलं होतं.

“काकू, मी लहानपणापासून ऐकून राहिली ना! अजून काय पाहिजे यांना?”

त्यांना छापील पाहिजे. विकिपीडियावर स्वतःचं संशोधन चालत नाही. जे आधी कुठेतरी विश्वासार्ह ठिकाणी प्रसिद्ध झालं आहे तेवढंच आपल्या शब्दांत मांडायचं, आणि कुठून घेतलं ते सांगायचं. आजीचा संदर्भ चालत नाही. कारण आजी पडताळता येत नाही. पांढरकवड्याला जाऊन पडताळता येते, पण ते कोण करणार?

मग चालतं काय? पोरीने विद्यापीठाच्या ग्रंथालयातून झेरॉक्स आणल्या आणि टेबलावर दोन गठ्ठे पडले. एक मरे एमेनो यांचं १९५५ सालचं कोलामीवरचं पुस्तक. हा माणूस कॅनडात जन्मलेला, कॅलिफोर्नियात शिकवणारा. एकोणीसशे तीसच्या दशकात भारतात राहिला, निलगिरीत तोडा आणि कोटा लोकांच्या भाषा लिहून घेतल्या, आणि आमच्या वर्ध्याकडची कोलामीसुद्धा. शंभरी ओलांडून २००५ साली गेला. दुसरा गठ्ठा १९५० सालच्या कोलामीच्या व्याकरणाचा, आणि त्याच्यावरचं नाव वाचून मी चष्मा पुसला. सेतुमाधवराव पगडी! शिवकालावर, मोगल-मराठा संघर्षावर ज्यांचं वाचत आपण मोठे झालो तेच पगडी. हैदराबाद संस्थानातले सनदी अधिकारी असताना आदिलाबादकडे त्यांनी गोंडांविषयी लिहिलं आणि कोलामीचं व्याकरण रचलं. फार्सी कागदपत्रांत रमणारा हा माणूस पोडावर बसून क्रियापदांची रूपं विचारत असेल, तेव्हा उत्तरं देणाऱ्यांना काय वाटलं असेल? सरकारी साहेब आला की लोक जमिनीची किंवा जंगलाची चौकशी होणार म्हणून सावरून बसतात. हा विचारतो, ‘मी गेलो’ कसं म्हणता, ‘ती गेली’ कसं म्हणता.

पोरीला मात्र याचं काही कौतुक नव्हतं. तिचा मुद्दा सरळ होता. पगडींना ज्यांनी सांगितलं ते कोण होते? माझ्या आजीसारखेच कोणीतरी म्हातारे. मग त्या म्हाताऱ्यांचं चालतं आणि माझ्या आजीचं का नाही?

मी तिला वर्धा रोडची गोष्ट सांगितली. आमच्या पुलावरून उतरून दक्षिणेला जात राहिलं की बुटीबोरी लागते, तिथून आत टाकळघाट. तिथे जुनी शिलावर्तुळं आहेत. ४ सप्टेंबर १८६३ला स्टीफन हिस्लॉप तिकडे गेला होता आणि परतताना अंधारात भरलेला नाला ओलांडताना बुडाला. ज्याच्या नावाचं कॉलेज नागपुरात आहे तोच. १८४५मध्ये हा स्कॉटिश मिशनरी नागपुरात आला तो धर्मप्रसारासाठी, पण दगड, जीवाश्म आणि भाषा यांनी त्याला जास्त ओढलं असावं असं मला त्याच्याबद्दल वाचताना वाटत आलं आहे. त्याने आसपासच्या आदिवासी भाषांचे शब्द जमवले, आणि प्रधान जमातीतल्या एका गायकाच्या तोंडून लिंगोची गोंडी गाथा उतरवून घेतली. तो गेल्यावर मध्य प्रांताचे मुख्य आयुक्त रिचर्ड टेंपल यांनी हे कागद १८६६मध्ये छापले. तेव्हापासून दीडशेहून अधिक वर्षं लिंगोच्या गाथेचा संदर्भ द्यायचा झाला की लिहितात: हिस्लॉप, १८६६. गाणारा गायला, कागद दुसऱ्याच्या नावावर झाला.

तरीही मी हिस्लॉपला ग्रिअर्सनच्या वरचं आसन देते. ग्रिअर्सनचा भारतीय भाषांचा सर्वेक्षण-ग्रंथ हे अफाट काम आहे, यात वाद नाही. त्याचा मुंडा आणि द्राविडी भाषांचा चौथा खंड १९०६मध्ये आला, तो स्टेन कोनोव यांनी केलेला. पण नमुना म्हणून या सर्वेक्षणाने भाषेमागून भाषेत बायबलमधल्या उधळ्या मुलाच्या दृष्टांताचं भाषांतर मागितलं. तुलनेला सोयीचं, हे कळतं. तरी कोरकूवाल्या मुलीने तो खंड चाळून मान हलवली, ते मला विसरता येत नाही. बाप, दोन पोरं, डुकरं, परत येणं, मेजवानी. “आमच्या मेळघाटातली गोष्ट कोणी विचारलीच नाही का, काकू?” हिस्लॉपने निदान समोरच्याची गोष्ट विचारली.

निहालीवाली सगळ्यांत शांत. तिच्या भाषेचं कूळच सापडत नाही. डच विद्वान कायपर यांनी १९६२मध्ये तिच्यावर पुस्तक लिहिलं. त्यात कोरकूचे शब्द, द्राविडी शब्द, मराठी-हिंदीचे शब्द असे थर एकामागून एक बाजूला केल्यावर जवळपास पाव शब्दसंग्रह उरतो, आणि त्याचं नातं कुठेच लागत नाही. ही चोरटी, गुप्त बोली तर नसेल, अशी शंकाही त्यांना आली होती. बोलणारे दोन-अडीच हजारांच्या आसपास. जनगणनेच्या तक्त्यात दहा हजारांच्या खालची भाषा वेगळी दाखवतच नाहीत. कोरकू तिथे सात लाखांहून अधिक म्हणून आहे, कोलामी सव्वा लाखांवर म्हणून आहे, निहाली नाही. म्हणजे सरकारी कागदावर जी भाषा दिसत नाही तिचं पान या मुलीने माझ्या टेबलावर, भेंडी चिरण्याच्या पाटाशेजारी, तयार केलं. तिला संदर्भांची अडचण नव्हती. थोडे होते, पण परदेशी विद्वानांपासून पुण्याच्या डेक्कन कॉलेजपर्यंतचे भक्कम होते. तिला बोलणारं मात्र कोणी माहीत नव्हतं. कोलामवालीचं बरोबर उलटं. दोघी एकमेकींकडे अशा बघत की जणू एकीकडे डबा आहे नि दुसरीकडे झाकण.

नियमाची बाजू मी घेते, म्हणून मुली माझ्यावर चिडतात. पण मी २०११ साल विसरलेली नाही. त्या वर्षी पुण्यातल्या काही महाविद्यालयांत शेकडो विद्यार्थ्यांना इंग्रजी विकिपीडियावर लिहायला लावलं होतं. उत्साह दांडगा, तयारी तोकडी. पुस्तकांतून, संकेतस्थळांवरून उचलून परिच्छेदच्या परिच्छेद चिकटवले गेले. जगभरचे स्वयंसेवक ते निवडत आणि पुसत बसले, आणि वर्ष संपायच्या आत प्रयोग गुंडाळावा लागला. कुठून घेतलं ते सांग, असं दरडावणारं कोणी नसेल तर ज्ञानकोशाचा उकिरडा व्हायला एक सत्र पुरतं.

आणि ज्ञानकोश म्हणजे काय काबाडकष्ट असतात, हे नागपूरने नाही जाणायचं तर कोणी? केतकरांनी महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचं मंडळ आधी नागपुरातच उभारलं, मग बिऱ्हाड पुण्याला गेलं. कंपनी काढून, भाग विकून, माणसं बसवून तेवीस खंड काढणारा हा हट्टी माणूस जन्माने रायपूरचा. ‘गोंडवनातील प्रियंवदा’ ही कादंबरीसुद्धा त्याचीच. त्याला या तीन मुली दाखवायला हव्या होत्या. पगार नाही, भाग नाही, नाव नाही, मॅगीच्या वाटीशेजारी लॅपटॉप, आणि रात्री दीडला खंडाच्या पानाच्या क्रमांकावरून वाद.

तरी नियमाची बाजू घेताना माझा आवाज एका ठिकाणी अडखळतो. ते ठिकाण म्हणजे मोतीरावण कंगाली. रामटेक तालुक्यात जन्मलेले, नागपुरात रिझर्व्ह बँकेत नोकरी केलेले, आणि उरलेला सगळा वेळ गोंडीला दिलेला. व्याकरण, शब्दकोश, गोंडी पुनेम म्हणजे धर्मविचारावरचे ग्रंथ, सगळं मोठ्या प्रकाशकांशिवाय उभं केलं. २०१५ला ते गेले. सिंधू संस्कृतीच्या मुद्रा गोंडीतून वाचल्याचा त्यांचा दावा मला पटत नाही. मुद्रांवरचा मजकूर फारच त्रोटक आहे, त्यातून हवं ते वाचता येतं. पण गोंडी कशी बोलतात हे त्यांना ठाऊक नव्हतं असं कोण म्हणेल? आणि घरून छापलेल्या पुस्तकाला विकिपीडिया सहसा हातभर लांब ठेवतो. म्हणजे नागपूरचा गोंड स्वतःच्या भाषेवर स्वतःच्या पैशाने लिहितो तेव्हा ते कच्चं, आणि स्कॉटलंडचा मिशनरी सरकारी छापखान्यातून येतो तेव्हा पक्कं. इथे मी गप्प होते आणि चहा टाकते.

यावर उपाय शोधणारे झालेच नाहीत असं नाही. २०११मध्येच अचल प्रभला यांनी भारतात आणि दक्षिण आफ्रिकेत फिरून ‘पीपल आर नॉलेज’ हा माहितीपट केला. लोकांच्या तोंडचं ध्वनिमुद्रित करायचं, ते मुद्रण सगळ्यांना ऐकता येईल असं ठेवायचं आणि त्याचाच संदर्भ द्यायचा. छापील नाही, पण पडताळता येतं. कल्पना मला झकास वाटली होती. ती सर्वमान्य नियम मात्र झाली नाही. ज्ञानकोशांना नवं तंत्र पटकन पचतं, नवा साक्षीदार नाही.

कोलामवाली दसऱ्याला घरी गेली तेव्हा पगडींची झेरॉक्स घेऊन गेली. तिने आजीला त्यातली वाक्यं वाचून दाखवली. आजी ऐकत गेली, दोन-तीनदा हसली, आणि म्हणाली, हे तिकडल्या लोकांचं आहे, नदीपलीकडचं, आपलं असं नाही. मग एमेनोंची वाचली. ती आजीला जवळची वाटली, पण कोणत्या तरी लाजऱ्या माणसाने सांगितल्यासारखी. परत आल्यावर पोरगी उड्या मारत होती. आदिलाबादची आणि वर्ध्याची कोलामी वेगळी, दोन्हींना छापील आधार! तिने दोन्ही पुस्तकं शेजारी ठेवून फरक लिहिला. तेही पुसलं गेलं. दोन संदर्भ जोडून तिसरा निष्कर्ष काढणं हेसुद्धा स्वतःचं संशोधनच.

शेवटी तोडगा बाईंनीच काढला. त्या म्हणाल्या, तुझं म्हणणं ज्ञानकोशाचं नाहीच, ते शोधनिबंधाचं आहे. आजीचं बोलणं रीतसर मुद्रित कर, निबंध लिही, एखाद्या नियतकालिकात छापून आण. मग पुढे कधीतरी दुसरं कोणी त्याचा संदर्भ देऊन ते वाक्य लेखात घालील. तूच घालू नकोस, स्वतःचाच निबंध स्वतः डकवणं बरं दिसत नाही. म्हणजे आजीचं एक वाक्य पोडावरून मनीषनगरला, मनीषनगरहून नियतकालिकात, तिथून कोण्या अनोळखी माणसाच्या हाताने परत त्याच पानावर. पोरगी म्हणाली, चालते ना काकू, उशीर लागू द्या.

आजीने एक अट घातली आहे. नाव टाकायचं, पूर्ण, नवऱ्याच्या आणि बापाच्या दोघांच्याही नावासकट. त्यामुळे संमतिपत्र तयार झालं, पहिल्या पानाच्या तळटीपेत सांगणारीचं नाव, गाव आणि वय येणार हे ठरलं. सध्या वयावर अडलं आहे. आधार कार्डावर १ जानेवारी ही जन्मतारीख आहे, जशी गावातल्या निम्म्या म्हाताऱ्यांची आहे. आजी म्हणते ते खोटं, मी कापूस वेचणीच्या दिवसांतली, आणि कार्डावर लिहिलंय त्याहून चांगली सात-आठ वर्षं मोठी. पोरगी आजीचं लिहायचं म्हणते. बाई म्हणतात, त्याला आधार काय?