मनीऑर्डरच्या परत आलेल्या पावत्या

गिरगावातल्या चाळीतली दुसऱ्या मजल्यावरची खोली रिकामी करून द्यावी, असा हुकूमनामा मुंबईच्या लघुवाद न्यायालयाने माझ्या मावशीविरुद्ध दिला. कारण थकलेलं भाडं. ते होतं महिना साडेतीनशे रुपये. एवढ्याशा रकमेपायी घर कसं जातं, ते धोबी तलावच्या त्या इमारतीत तिच्याबरोबर बसल्यावर मला कळत गेलं.

काका गेले आणि मालकाने भाडं घेणं थांबवलं. मावशीने मनीऑर्डर केली, ती ‘घेण्यास नकार’ असा शेरा मारून परत आली. पुढचीही तशीच. शेवटी ती कंटाळली. मग थकबाकीची नोटीस आली. तेव्हा तिने वाढीसकट सगळी बाकी पुन्हा मनीऑर्डरने धाडली, तीही परत आली. त्यानंतर दावा.

१९९९ चा महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा इथे भाडेकरूला बराच अवधी देतो. नोटिशीनंतर ९० दिवस उलटल्याशिवाय मालकाला दावा लावता येत नाही. दाव्याचं समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांत बाकी, तिच्यावर सालाना १५ टक्के सरळव्याज आणि कोर्ट सांगेल तो खर्च भरला, तर या कारणावरून ताबा देता येत नाही. अट एकच, निकाल लागेपर्यंत पुढचं भाडं नियमित भरत राहायचं. मावशीने बाकी व्याजासकट मुदतीत भरली. घात झाला तो पुढे. तारखा चार-चार महिन्यांनी पडायच्या आणि ती तारखेला गेली की मधलं भाडं एकदम भरायची.

जुन्या मुंबई भाडे कायद्याखालच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८० साली म्हटलं होतं, की घड्याळाच्या काट्याइतकी अचूकता अपेक्षित नसली, तरी भरणा भाडं देय होण्याच्या क्रमाला बऱ्यापैकी धरून असला पाहिजे. त्या खटल्यात भाडेकरू हरला होता. मालकाच्या वकिलांनी तोच निवाडा पुढे ठेवला. मावशीचं आजारपण, पेन्शनचा घोळ, यातलं काहीही त्यापुढे टिकलं नाही.

अपिलाला मुदत ३० दिवसांची. मुंबईत ते त्याच न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांपुढे चालतं. बेलिफ येऊ नये म्हणून स्थगिती हवी, आणि ती फुकट मिळत नाही. दिल्लीच्या कॅनॉट सर्कसमधल्या एका दुकानाचं भाडं ३७१ रुपये ९० पैसे होतं. स्थगितीसाठी महिना १५,००० रुपये भरण्याची अट सर्वोच्च न्यायालयाने ‘आत्माराम प्रॉपर्टीज’ खटल्यात २००४ साली कायम ठेवली. हुकूमनाम्यानंतर जुन्या भाड्याचा आसरा उरत नाही, असा त्याचा अर्थ. दुकानदाराचं एक वेळ ठीक आहे. पेन्शनवर जगणाऱ्या बाईला हाच न्याय लावताना कोर्टाने हात आखडता घेतलाच पाहिजे, असं मला मनापासून वाटतं. मावशीच्या बाबतीत तो घेतला गेला. उत्पन्नाचे कागद पाहून रक्कम बरीच कमी ठरली, आणि ती आता मामेभाऊ दर महिन्याच्या पहिल्या आठवड्यात भरतो.

नव्या वकीलबाईंनी मावशीची पिशवी टेबलावर उलटी केली. नोटिशीनंतर नव्वद दिवसांच्या आत केलेल्या त्या मनीऑर्डरची पावती आणि परतीचा शेरा तिच्यात होता. भाडं द्यायला तयार असलेल्या भाडेकरूला थकबाकीदार म्हणता येत नाही, हा बचाव पहिल्यापासून हाताशी होता. पण आधीच्या वकिलांनी सगळा जोर भाड्याच्या आकड्यावर दिला होता, पावतीवर पुरावा म्हणून कोर्टाची निशाणी पडलीच नव्हती.

अपिलात नवा पुरावा सहसा घेत नाहीत. “कागद घरातच होते, तर तेव्हा का नाही दिले?” हा समोरच्या वकिलांचा सवाल बिनतोड होता. वकीलबाईंनी उलट मांडलं, की हा कागद पाहिल्याशिवाय न्याय्य निकाल देणं कोर्टालाच अवघड आहे. दिवाणी संहितेत तशी तरतूद आहे. न्यायाधीशांनी त्यांची मागणी मान्य केली, मालकाला खर्च देण्याची अट घातली आणि एवढ्या मुद्द्यापुरता पुरावा नोंदवायला प्रकरण खालच्या कोर्टाकडे धाडलं. तिथे आता मावशीची साक्ष आहे, आणि उलटतपासणीही.