पाव फेरा मागे

गोरेगावच्या चाळीत आई नळ उघडा ठेवून झोपायची. नळाखाली रिकामी कळशी. पहाटे कधीतरी महापालिकेचा चावीवाला नाक्यावरच्या खड्ड्यात लांब दांड्याची चावी घालून फेरे मारायचा. मग आमचा नळ आधी नुसताच फुसफुसायचा, आणि थोड्या वेळानं कळशीच्या बुडावर पहिली धार वाजायची. त्या आवाजानं आई उठायची. गजराचं घड्याळ आमच्याकडे नव्हतं आणि त्यावाचून काही अडलंही नाही.

पाणी आलं की चावीवाला देवमाणूस, उशीर झाला की त्याच्याच नावानं बोटं मोडायची. पाण्यासाठी हंडे घेऊन बायकांचे मोर्चे निघायचे तो हा काळ. 1961 साली महापालिकेवर निवडून गेलेल्या मृणाल गोरेंना लोकांनी ‘पाणीवाली बाई’ म्हणायला सुरुवात केली. 1977 मध्ये त्या लोकसभेवर गेल्या, तेव्हा ते नावही त्यांच्याबरोबर दिल्लीला गेलं. पुढे त्यांच्या आणि बाबूराव सामंतांच्या नागरी निवारा परिषदेनं झगडून दिंडोशीला सामान्यांसाठी घरं उभी केली. त्यातल्याच एका घरात आम्ही राहायला आलो.

पहिल्या दिवशी आई घरातला प्रत्येक नळ उघडून बघत फिरली. न्हाणीघराच्या दारावर एक पितळी कॉक होता. गच्चीवरच्या टाकीतलं पाणी त्याच्यातूनच घरात यायचं. बाबांनी तो पूर्ण उघडला. नंतर दोनदा घराला रंग लागला, तेव्हा रंगाऱ्यानं भिंतीबरोबर त्याच्यावरही हात फिरवला. आमच्या दोन पिढ्या पाणी यावं म्हणून झुरल्या. ते थांबवायची वेळ येईल, हे कुणाच्या मनातच आलं नव्हतं.

ती वेळ एका रात्री आली. ओट्यावरचा नळ मुळातून तुटला आणि पाणी थेट समोरच्या भिंतीवर आदळायला लागलं. मी स्टुलावर चढून कॉक फिरवला. रंगाचे पोपडे उडाले, दांडी शेवटपर्यंत आत गेली, पण धार तशीच. वरून कॉकही दांडीपाशी गळायला लागला. शेवटी गच्चीवर धावत जाऊन टाकीचा वॉल्व्ह बंद केला. आमचं घर वाचलं आणि सकाळी अख्ख्या विंगेचे नळ कोरडे निघाले.

दुसऱ्या दिवशी प्लंबर आला. टाकी बंदच ठेवून त्यानं पान्यानं नट सैल केला आणि कॉकचं वरचं अंग दांडीसकट काढून माझ्या तळहातावर ठेवलं. दांडीच्या टोकाला वायसर होता. रबर कसलं, नख लावताच भुगा झाला. खालच्या बैठकीवर जुन्या लोखंडी पाइपाचा गंज साचून दगड झाला होता. तो त्यानं हळूच खरवडला, नवा वायसर बसवला, दांडीभोवती ग्रीस लावलेला दोरा गुंडाळला आणि वरून नट आवळला. सगळं मिळून अर्धा तास.

“काका, कॉक खराब नव्हता. कुणी फिरवलाच नाही. महिन्यातनं एकदा बंद करायचा. आणि उघडताना पूर्ण उघडून पाव फेरा मागे घ्यायचा. ताठ ठेवला की तिथंच चिकटतो.”

तो गेल्यावर मला चावीवाला आठवला. आमच्या लेखी तो पाणी सोडणारा. पण त्याचं अर्धं काम बंद करण्याचं होतं. शंभरेक किलोमीटरवरून, वैतरणा-भातसाहून आलेलं पाणी साऱ्यांना पुरवायचं, तर आमची गल्ली बंद केल्याशिवाय पुढच्या गल्लीत दाब यायचा नाही. आमचा नळ कोरडा पडायचा, तेव्हा पलीकडे कुणाच्या तरी कळशीत धार वाजत असायची. आम्ही मात्र बोटं मोडत बसायचो.

आता दर एक तारखेला मी स्टुलावर चढतो. परवाही चढलो. बादलीतली धार बारीक होत होत थांबली. आत आई दुपारची झोपली होती. घरात गाड्यांचे आवाज होते, शेजारचा टीव्ही होता. त्यानं तिची झोप मोडली नव्हती. धार थांबली आणि ती उठून बसली.

“पाणी गेलं का रे?”

“नाही गं, मीच बंद केलं. कॉक बघतोय.”

ती क्षणभर गप्प राहिली. मग म्हणाली, “आधी सांगायचंस तरी. हंडा भरून घेतला असता.”

मी कॉक पूर्ण उघडला आणि पाव फेरा मागे घेतला.