मोहिनीचं काम

श्रावणातली गोष्ट. दिवस मावळायच्या आत जेवणं आटपायची, म्हणून मी घाईत भाकरी थापत होते. लेक कॉलेजातून आली आणि दारातूनच ओरडली, "आई, नाटकात घेतलंय मला! तालीम रोज संध्याकाळी सहा ते आठ."

माझ्या तोंडून निघून गेलं, "नको गं बाई. लोक काय म्हणतील?"

ती काही न बोलता आत गेली. तव्यावरची भाकरी करपली. आणि मला कळलं, हे वाक्य माझं नव्हतंच. माझ्या आप्पांचं होतं.

बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला असताना गॅदरिंगच्या नाटकात मला काम मिळालं होतं. सगळं पाठ झालं होतं. आप्पा म्हणाले, "चांगल्या घरातल्या पोरी असं स्टेजवर उभ्या राहत नाहीत." विषय संपला. माझं काम शेवटी वर्गातल्या एका पोरानं साडी नेसून केलं. सगळे पोट धरून हसले. मीही हसले, आणि घरी येऊन आईजवळ रडले.

पुढं वाचनात आलं, की आपल्या सिनेमाचा जन्मच असा साडी नेसलेल्या पुरुषापासून झाला. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला, तो 1913 साली. तारामतीच्या कामाला बाई काही मिळेना. ज्यांना समाज नावं ठेवायचा, त्या बायकाही सिनेमात यायला तयार होईनात. शेवटी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंक्यांना तारामती केलं.

त्याच वर्षी फाळक्यांचा दुसरा चित्रपट आला, 'मोहिनी भस्मासुर'. त्यात मात्र खरोखरीच्या बायका होत्या. पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची लेक कमळा. वय अवघं तेरा. भारतीय पडद्यावरच्या या पहिल्या दोन बायका, आणि त्या मायलेकी!

हौस म्हणून आल्या असतील का त्या? दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरात पोर. त्या काळात अशा बाईला दोनच वाटा, माहेरच्या ओसरीचा कोपरा नाहीतर दुसऱ्याच्या घरची धुणीभांडी. त्यांनी तिसरी वाट धरली, नाटक कंपनीची. जातीतल्या लोकांनी नावं ठेवली, ती ऐकून घेतली. लेकही लहानपणापासून स्टेजवरच वाढली.

कमळाबाईंचं लग्न झालं रघुनाथराव गोखल्यांशी. तेही नाटकातलेच. थोरल्या चंद्रकांतचा जन्म मिरजेचा. मिरज म्हणजे आम्हा चिकोडीकरांना काही परकं गाव नाही. पण पंचविशीच्या आसपास कमळाबाईंच्या कपाळाचं कुंकू गेलं आणि मुलांचा भार एकटीवर आला. ही बाई घरात बसली नाही. परत तोंडाला रंग लावला. वेळ पडली तेव्हा पुरुषांचीही कामं केली. पुरुष लुगडं नेसून बाई होत होते त्या काळात ही पुरुष होऊन उभी राहिली, पोरांच्या पोटासाठी. चंद्रकांत नट झाले, लालजी आणि सूर्यकांत तबल्यात रमले. विक्रम गोखले आपण सगळ्यांनी पाहिलेत, ते त्यांचेच नातू. म्हातारपणी रीना मोहन यांनी कमळाबाईंवर माहितीपटही केला.

मैत्रिणींनो, "चांगल्या घरातल्या पोरी" असं आपण म्हणतो, तेव्हा चांगलं घर म्हणजे नेमकं काय म्हणतो हो? ज्या घरात आई लेकीचा हात धरून पुढं गेली, ते वाईट? आणि मी चुलीपुढं उभी राहून लेकीला मागं ओढत होते, ते चांगलं? आप्पांना मी दोष देत नाही. त्यांना वाटलं ते त्यांनी केलं. पण त्यांचं वाक्य मी पस्तीस वर्षं जपून ठेवलं आणि पहिल्या संधीला पोरीच्या अंगावर फेकलं, हा दोष माझाच.

रात्री तिच्या खोलीत गेले. म्हटलं, "काम कसलं आहे?"

"सासूचं," ती फुरंगटून म्हणाली.

"मग आवाज जरा खणखणीत काढ."

दुसऱ्या दिवसापासून पाचच्या सुमाराला तिचा डबा भरते. तालमीला उभी राहायच्या आधी, दिवस असतानाच ती जेवते. ह्यांनी विचारलं, "रोज डबा कुणाला?"

म्हटलं, "आपल्या घरातल्या नटीला."

हे काही बोलले नाहीत. पण चौथ्या दिवशी डबा द्यायला स्कूटर त्यांनीच काढली.