आंचूची शिंक

कनेरगाव नाक्याहून वाशीमचा रस्ता धरला की मराठवाडा मागे पडतो, वऱ्हाड लागते. या सीमेवरच्या गावात आम्ही उर्दू माध्यमाचे मास्तर. आमच्या वर्गातही एक सीमा आहे. उर्दूचे पुस्तक उजवीकडून उघडते, मराठीचे डावीकडून. पहिले मुले वाचतात. दुसरे काढले की माना खाली जातात.

२०२० साली शाळा बंद पडल्या आणि मोबाइलच फळा झाला. तेव्हा आम्ही मुलांना 'गली गली सिम सिम'चे जुने भाग दाखवू लागलो. अमेरिकेत १९६९ साली सुरू झालेल्या 'सेसमी स्ट्रीट'चा हा हिंदी अवतार २००६च्या १५ ऑगस्टला आला, तेव्हा आमच्या घरी केबल नव्हते. त्यामुळे मुलांबरोबर आम्हीही तो नव्यानेच पाहिला. गणवेशातली चमकी, बूमबा सिंह आणि शिंक आली की भलत्याच जागी जाऊन पोहोचणारी, गोष्टीवेल्हाळ आंचू. मुले पोट धरून हसली.

शाळा उघडल्यावर एका मुलीने विचारले, "सर, चमकी बोलती तो अपने जैसाच, फिर लिखती उल्टे बाजू से कायकू?"

बी.एड.मध्ये याचे उत्तर शिकवले नव्हते. ज्या बोलीत ती हसली, तीच पडद्यावर अक्षर होऊन आली की तिला परकी. आम्हीही एकेकाळी मराठी अर्ज भरायला दुसऱ्याच्या हाती पेन दिले आहे. ती शरम अजून विसरलो नाही.

आम्ही फळ्यावर 'चमकी' दोन्ही लिप्यांत लिहिले. मग इम्तियाज अली ताज यांचे 'चाचा छक्कन' वाचून दाखवले. भिंतीवर एक तसबीर टांगायची म्हणून चाचा सारे घर वेठीस धरतात. हे चाचा मूळचे जेरोम के. जेरोम यांचे इंग्रज अंकल पॉजर. ताजसाहेबांनी त्यांना पक्के उर्दूभाषक केले. हसण्याला कुठल्याच नाक्यावर कोणी अडवत नाही. म्हणून पुढे चिं. वि. जोशींचे चिमणराव वर्गात आणले.

टीव्हीने मुले आपोआप वाचू लागत नाहीत. हसून झाल्यावर पुस्तक हाताशी लागते. आमच्याकडे ते कुलूपबंद कपाटात होते. आता किल्ली मुलांकडे असते.

परवा ती मुलगी चिमणराव वाचत होती, बोट ठेवून, अडखळत. विनोद संपून ओळ पुढे गेली आणि मग ती हसली. उशिरा हसली, पण स्वतः वाचून हसली.