तानपुरा द्या थोडा

मंचावरून येणाऱ्या सगळ्या सूचनांमध्ये मला आजही धडकी भरवते ती एकच. "तानपुरा द्या थोडा." तबला कमी करा, पेटी खाली घ्या, माझ्या आवाजातला बेस काढा, ही सगळी हातातली कामं. ऐकली की केली. तानपुरा मात्र फेडर वर सरकवून मिळत नाही. सरकवला की सगळ्यांत आधी वाढते ती भोपळ्याची घुमी, २०० ते ४०० हर्ट्झच्या पट्ट्यातली, आणि गायकाला वाटतं आपण पाण्याच्या टाकीत बसून गातोय. मग तो म्हणतो, मॉनिटर जरा साफ करा. साफ केला की दोन आवर्तनांत पुन्हा आमच्याकडे बघून बोटाने वरची खूण. तानपुरा.

शास्त्रीय मैफिलींचा साऊंड करणाऱ्या प्रत्येकाने यातून सुटायची आपली वाट काढलेली असते आणि प्रत्येकाला दुसऱ्याची वाट चुकीची वाटते. कुणी भोपळ्यासमोर माईक लावतो. त्याला नुसती घुमी मिळते. कुणी थेट घोडीजवळ नेतो. तिथे झंकार असतो, पण तारेवरून सरकणारं बोटही सभागृहभर ऐकू येतं. कुणी तबलीला पिकअप चिकटवतो, त्याबद्दल मी बोलत नाही. मी छोटा कंडेन्सर घोडी आणि गळा यांच्या मधल्या जागेवर रोखतो, तबलीपासून वीतभर लांब, थोडा तिरपा. हे जमतं, पण मागे बसलेला शिष्य मांडी बदलेपर्यंतच. तानपुरा चार बोटं सरकला की सगळं पुन्हा मांडायचं, आणि तेही बडा ख्याल चालू असताना.

शिवाय गायकाचा माईक बहिरा नसतो. त्याला दोन्ही बाजूंचे तानपुरे आधीच ऐकू येत असतात. मीटरभर मागे बसलेल्या तानपुऱ्याचा आवाज तिथे सुमारे ३ मिलिसेकंद उशिरा पोहोचतो. तो आणि तानपुऱ्याच्या स्वतःच्या माईकचा आवाज एकत्र झाले की काही सूर एकमेकांना खाऊन टाकतात. म्हणून कित्येकदा तानपुऱ्याचा माईक बंद केल्यावर तानपुरा जास्त चांगला ऐकू येतो. हे आयोजकाला समजावणं अवघड. त्याने स्टँडचे पैसे दिलेले असतात आणि माईक बंद का, असं तो मध्यंतरात येऊन विचारतो.

खरी अडचण मात्र याच्याही आत आहे. पुरुष गायक काळी एकमध्ये गात असेल तर तानपुऱ्याचा खर्ज साधारण ६९ हर्ट्झला असतो. त्याच्या पाचपटीला, ३४६ च्या आसपास, खर्जाच्या तारेतून आपोआप उमटणारा तो स्वयंभू गंधार. कुणी छेडत नाही, तरी असतो. ज्याला आम्ही घुमी म्हणतो आणि इक्वलायझरवर ज्या पट्ट्यावर पहिला चाकू चालवतो, तो पट्टा नेमका हाच. म्हणजे मॉनिटर साफ करताना आम्ही गायकाच्या पायाखालचा गंधार कापतो, आणि तो पुन्हा तानपुरा मागतो तेव्हा त्याला बहुधा तेवढाच हवा असतो. मी रुंद काप कधीच घेत नाही. सुईसारखा अरुंद काप घेतो, गंधाराच्या अलीकडे एक आणि पलीकडे एक, आणि मधली जागा राखतो. बाईंचा सूर काळी चार असेल तर हे सगळं गणित वर सरकतं. प्रत्येक गायकाच्या पट्टीप्रमाणे ते नव्याने मांडावं लागतं, आणि साऊंड चेकला ज्या सभागृहात चारच माणसं होती ते भरलं की पुन्हा एकदा. रिकाम्या खुर्च्यांवर लावलेला तानपुरा भरलेल्या सभागृहात कोरडा पडतो.

इतकी वर्षं मला या गणिताचा गर्व होता. अजून आहे. कार्यक्रमाच्या शेवटी निवेदिका आभार मानते तेव्हा ध्वनिव्यवस्थेचं नाव येतं का, याकडे माझं लक्ष असतं. नाही आलं तर जेवण गोड लागत नाही. एका ज्येष्ठ गायिकेने कधीतरी आयोजकांना सांगितलं होतं की साऊंडला हे असतील तर मी निर्धास्त येते. ते वाक्य मी कितीतरी लोकांना ऐकवलंय, दर ठरवताना तर हटकून.

गेल्या पावसाळ्यात कानाची तपासणी केली. आलेखात ४००० हर्ट्झला खड्डा आहे आणि पुढे उतार. मोठ्या आवाजात उमेदीची वर्षं घालवलेल्या माणसांच्या आलेखात तो तिथेच असतो, डॉक्टरांनी न सांगताही मी तो ओळखला असता. पोट भरायला मी लग्नाचे संगीत केले, ऑर्केस्ट्रे केले, गणपतीत मिरवणुकीच्या गाड्यांवर उभा राहिलो. ८५ डेसिबल आठ तास सोसावेत आणि पुढे दर ३ डेसिबलला तो वेळ निम्मा करावा, असा हिशोब आहे. १०० डेसिबलला पाव तास उरतो. त्या गाड्यांवर आम्ही रात्र काढायचो. शास्त्रीय मैफिलींनी मला नाव दिलं आणि त्या गाड्यांनी घर चालवलं. कानाची किंमत एकीकडे वसूल झाली आणि नुकसान दुसरीकडे झालं.

आता मला तानपुऱ्याचा गंधार ऐकू येतो, झंकार पुरता येत नाही. जवारीची जी बारीक वाळू वरच्या सप्तकांत सांडत राहते ती मला आठवणीतून भरून काढावी लागते. तो अहवाल मी बराच काळ कुणाला दाखवला नाही. लोक मला कानासाठी बोलावतात.

मिक्सरवर हल्ली माझी सहायक बसते. कराडची मुलगी, इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा केलेली आणि गाण्याची मध्यमा पूर्ण. मागच्या हिवाळ्यात एका नाट्यगृहात मध्यलय सुरू झाली असताना ती माझ्याकडे झुकून म्हणाली, "काका, डावीकडच्या तानपुऱ्याची जवारी बंद झाली." मला काही बदललेलं जाणवलं नव्हतं. मी विचारलं, वरचा पट्टा जरा उचलू का? ती म्हणाली, "नको, तार बोलतच नाहीये, पट्टा उचलून काय येणार?" ती विंगेतून मागे गेली, तानपुऱ्यावरच्या मुलाला नजरेने घोडी दाखवली. दुपारपासून एसी जोरात होता, खर्जाच्या तारेखालचा, जवारी खुलवणारा दोरा जागचा हलला होता. त्याने तो नखाने किंचित पुढे घेतला. गायकाने डोळे मिटलेलेच होते, पण त्याने पुढची आलापी षड्जावर जरा जास्त वेळ ठेवली. त्या रात्री बाहेर आल्यावर लोक माझं अभिनंदन करत होते आणि मी ते घेत होतो. ती केबल गुंडाळत होती. मला तिचा हेवा वाटला, आणि अजून वाटतो.

तिला हा धंदा कितपत पोसेल, ही मला खरी काळजी आहे. जानेवारी २०२५ मध्ये नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर कोल्डप्लेचे तीन कार्यक्रम झाले आणि त्यानंतर अहमदाबादला दोन. देशात तेव्हापासून 'कॉन्सर्ट इकॉनॉमी'ची चर्चा आहे. त्याच महिन्यात पंतप्रधानही भुवनेश्वरच्या भाषणात त्यावर बोलले. हॉटेलं भरतात, विमानं भरतात, हे खरंच आहे आणि त्यात वाईट काही नाही. माझ्या ओळखीची चांगली पोरं अशा कार्यक्रमांत केबल ओढायला जातात, शिकून येतात, वेळेवर पैसे मिळवतात. पण त्या पैशाचा एकही ओहोळ सांगलीच्या किंवा नांदेडच्या संगीत सभेपर्यंत येत नाही. तिथे तिकीट पाचशेच्या आत ठेवतात, कारण त्याच्या वर गेलं की १८ टक्के जीएसटी लागतो आणि श्रोते तसेही त्याच्या वर जात नाहीत. त्यातून सभागृहाचं भाडं, कलाकारांचं मानधन, तबला-पेटीच्या साथीदारांची पाकिटं, गाडी, राहणं, जेवण. मग उरलेल्यात साऊंड. हल्ली साऊंडच्याही आधी मागे एलईडी पडदा लागतो, त्यावर कलाकाराचा फोटो आणि प्रायोजकांची नावं. एका पडद्याच्या एका संध्याकाळच्या भाड्यात मी चांगले चार माईक घेऊन येऊ शकतो. पडदा दिसतो, म्हणून त्याला पैसे मिळतात. छातीत धडकणाऱ्या बेसला मिळतात. तानपुरा ना दिसतो ना धडकतो.

ट्रॅकवरच्या कार्यक्रमांबद्दल तर मला राग आहे आणि तो लपवायचं कारण नाही. जुन्या हिंदी गाण्यांचे प्रयोग हाऊसफुल्ल जातात. अर्ध्या वेळा मंचावर वादक दोन आणि बाकी सगळं लॅपटॉपमधून. एकेकाळी त्याच गाण्यांनी या शहरांत व्हायोलिनवाले, ॲकॉर्डियनवाले, कोंगोवाले पोसले. २०२० च्या मार्चमध्ये सभागृहं बंद झाली, मध्ये थोडी उघडली, पुन्हा मिटली आणि २२ ऑक्टोबर २०२१ ला परत सुरू झाली, तोवर त्यांतले कितीतरी दुसऱ्या कामाला लागले होते. माझे दोन हेल्पर परत आलेच नाहीत. एक टेम्पो चालवतो, दुसरा गावी आहे. वादक नाहीत म्हणून ट्रॅक आले की ट्रॅक आले म्हणून वादक गेले, यावर आम्ही भांडतो. माझं मत दुसऱ्या बाजूचं आहे.

तानपुऱ्याचंही तेच चाललंय, फक्त हळू. इलेक्ट्रॉनिक तानपुरा १९७९ मध्ये बंगळुरूच्या राज नारायण यांनी आणला. आज तो खिशातल्या फोनमध्ये आहे. कलाकाराची बाजू मला कळते. मिरजेचा तानपुरा विमानात न्यायचा म्हणजे भोपळ्याचा जीव मुठीत. मिरजेच्या सतार-तानपुऱ्यांना २०२४ मध्ये जीआय मानांकन मिळालं, पण मानांकनाने लगेज फुकट जात नाही. वाजवायला बसणाऱ्या दोन शिष्यांचा प्रवासखर्चही वाचतो. फोनची वायर थेट मिक्सरमध्ये येते. घुमी नाही, शिट्टी नाही, तीन मिलिसेकंदांची भानगड नाही. माझ्यासाठी तशी रात्र सगळ्यांत सोपी असते. आणि सगळ्यांत कंटाळवाणी. फोनला सभागृह ऐकू येत नाही. एसीने तार सुरातून हलली की खरा तानपुरा गायकाला थांबवतो, खुंटी पिळायला लावतो, मणी सरकवायला लावतो. किशोरीताई आमोणकर मंचावर तानपुरे जुळवायला पुरता वेळ घेत आणि श्रोते त्यावरून कुरकुरत. मी श्रोत्यांत बसून ते जुळवणं ऐकलंय. माझ्या दृष्टीने मैफल तिथेच सुरू झालेली असायची.

दहाच्या नियमाने काय गेलं, हे कुणी जमेस धरत नाही. २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री दहानंतर उघड्यावरचे लाऊडस्पीकर बंद केले. वर्षातून ठराविक दिवस, जास्तीत जास्त पंधरा, बारापर्यंतची सूट सरकार देऊ शकतं. रस्त्यावरच्या स्पीकरच्या भिंतींसाठी हा नियम हवाच, माझ्या कानाकडे बघून मी तरी दुसरं काय म्हणणार? पण भीमसेन जोशींनी १९५३ मध्ये सुरू केलेला सवाई गंधर्व महोत्सव रात्रभर चालायचा. पुण्याच्या रमणबागेत पहाटेच्या गारठ्यात शाल पांघरून ललत ऐकलेला माणूस आहे मी. त्या वेळी हवा जड असते, गर्दी निवांत असते आणि तानपुरा मैदानाच्या शेवटच्या रांगेपर्यंत आपसूक जातो. कुठल्याही मशीनला ते जमलेलं नाही. आता महोत्सव मुकुंदनगरात भरतो, दुपारी सुरू होतो. मालकंस आणि दरबारीही घड्याळाकडे बघत गायले जातात, आणि पहाटेचे राग सकाळच्या खास सत्रांची वाट बघत बसतात.

गेल्या काही वर्षांत घरगुती बैठका पुन्हा वाढल्यात. चाळीस-पन्नास माणसं, सतरंज्या, माईक अजिबात नाही. तिथे मला कुणी बोलावत नाही आणि बोलावूही नये. मी जातो आणि तानपुऱ्याच्या शक्य तितका जवळ बसतो, चार हातांवर. तेवढ्या अंतरावर वरचा झंकार मला अजून ऐकू येतो. तो डोक्यात साठवून घेतो, कारण पुढच्या कामाला माझ्या सहायक मुलीला सांगायचं असतं की कुठे पोहोचायचं आहे. ती म्हणते, मला ऐकू येतंय की. येतंच. पण मला सांगितल्याशिवाय राहवत नाही.

या मोसमापासून दरपत्रकात मी एक ओळ वेगळी लिहितो: तानपुऱ्यासाठी दोन कंडेन्सर माईक, स्टँडसह. पहिल्याच मंडळाच्या खजिनदारांनी ती खोडली आणि फोनवर म्हणाले, "तेवढं पॅकेजमध्येच बसवा ना." मी बसवलं. पुढच्या मंडळाला दरपत्रक पाठवलं त्यातही ती ओळ आहे, आणि त्यापुढची रक्कम मी कमी केलेली नाही.