ज्याचे त्याचे कडे

लहानपणी कुणी तरी तुम्हालाही एखाद्या नवलाच्या मुलुखाची गोष्ट सांगितली असेल. मला ती आजोबांनी सांगितली. नाशिकमधल्या आमच्या जुन्या घराच्या ओट्यावर बसून ते सांगत, "डोंगरांपलीकडे एक उंच मुलूख आहे. तिथे धबधब्याचे पाणी खाली पडत नाही, वर चढते. दरीत भिरकावलेली टोपी परत आपल्याकडे येते. चुलीवर पाणी खळखळते, पण डाळ शिजता शिजत नाही. आणि भाग्यात असेल तर ढगावर आपली सावली पडते व तिच्या मस्तकाभोवती रंगांचे कडे उमटते."

हा मुलूख म्हणजे हरिश्चंद्रगड. तरुणपणी आजोबा आणि शेजारचे तात्या तिथे एकदाच गेले होते. त्या प्रवासाच्या आठवणीवर त्यांची मैत्री पोसली गेली आणि त्याच आठवणीने ती मोडलीही. आजोबा म्हणत, कडे माझ्या सावलीभोवती होते. तात्यांची सावली कोरीच होती. तात्या म्हणत, नेमके उलटे. थट्टेत सुरू झालेला हा वाद एकदा चारचौघांत विकोपाला गेला. दोघांनी एकमेकांना खोटे ठरवले आणि मधल्या भिंतीवरून होणारी हाकाटी थांबली, ती कायमची.

मी तेव्हा नववीत होतो. गुरुत्वाकर्षण नुकतेच शिकलो होतो. मोठ्या ऐटीत मी आजोबांना म्हणालो, "निसर्गाचे नियम सगळीकडे सारखेच असतात. तुम्ही दोघेही थापा मारता." आजोबा काही बोलले नाहीत. त्यानंतर त्यांनी ती गोष्ट मला पुन्हा कधीच सांगितली नाही.

ते गेल्यावर पुष्कळ वर्षांनी, पावसाळा सरता सरता, एका मित्राबरोबर मी घोटी-राजूर मार्गाने पाचनईला गेलो आणि गड चढलो. गडाची उंची सुमारे १,४२४ मीटर. तिथे हवेचा दाब कमी असल्याने पाणी पंचाण्णव अंश सेल्सिअसच्या आसपासच उकळते. डाळ रेंगाळते ती त्यामुळे. पश्चिमेचा कोकणकडा सरळ तुटलेला नाही, तो आत वळलेला आहे. कोकणातून येणारा वारा त्या प्रचंड वाटीत शिरला की त्याला वर उसळण्यावाचून गत्यंतर नसते. पाण्याचे तुषार आणि हलक्या वस्तू तो उलट माघारी आणतो. आजोबांच्या मुलुखात एकही नियम मोडलेला नव्हता. सगळे नियम तिथे केवळ अधिक ठळकपणे वावरत होते.

सकाळी सूर्य पाठीशी होता आणि समोर दरी ढगांनी भरलेली होती. अकस्मात ढगावर आमच्या दोन सावल्या उमटल्या. माझ्या सावलीच्या मस्तकाभोवती रंगीत वलय होते. मित्राची सावली चार हातांवर, अगदी कोरी. मी त्याला म्हणणार, एवढ्यात तोच ओरडला, "अरे, हे बघ! माझ्याभोवती कडे आहे! तुझ्याभोवती नाही."

माझ्या अंगावर काटा आला. तो वलयामुळे नव्हे, हे तुमच्या ध्यानात आले असेल.

या दृश्याला आपल्याकडे इंद्रवज्र म्हणतात. ढगातील अतिसूक्ष्म जलबिंदू सूर्यप्रकाशाचा काही अंश जवळजवळ आल्या वाटेनेच परत पाठवतात. त्यामुळे हे वलय पाहणाऱ्याच्या डोळ्यापासून सूर्याच्या नेमक्या विरुद्ध दिशेला, म्हणजेच त्याच्या स्वतःच्या मस्तकाच्या सावलीभोवती, दिसते. डोळे दोन ठिकाणी असले की वलयेही दोन. दुसऱ्याचे वलय आपल्याला दिसत नाही.

हे पाहणारे आजोबा पहिले नव्हते. कर्नल साईक्स यांनी दख्खनच्या हवामानावरील, १८३५ साली प्रसिद्ध झालेल्या लेखात हरिश्चंद्रगडावरून दिसणाऱ्या वर्तुळाकार इंद्रधनुष्याची नोंद केली आहे. स्कॉटलंडमधील बेन नेव्हिस हा पर्वत उंचीने आपल्या गडापेक्षा किंचित कमी. तिथे १८९४ मध्ये चार्ल्स विल्सन या तरुण शास्त्रज्ञाने अशीच वलये पाहिली आणि तसे ढग प्रयोगशाळेत निर्माण करण्याचा ध्यास घेतला. त्यातून घडलेल्या उपकरणात पुढे अणूहूनही सूक्ष्म कणांचे माग दिसू लागले आणि १९२७ मध्ये विल्सन यांना नोबेल पारितोषिक मिळाले. त्यांनी जे पाहिले, तेच आजोबांनीही पाहिले होते. विल्सनना त्याचे कारण शोधावेसे वाटले. आजोबांना ते कुणाला तरी सांगावेसे वाटले, आणि ऐकायला मी होतो.

नाशिकला परतल्यावर मी तात्यांकडे गेलो. त्यांनी नव्वदी ओलांडली होती. कागदावर सूर्य, ढग, दोन माणसे काढून मी त्यांना सारे समजावले. ते कागदाकडे बराच वेळ पाहत राहिले.

"म्हणजे तो खरे बोलत होता," ते म्हणाले.

"तुम्हीही, तात्या."

"माझे मला ठाऊक होते रे." त्यांनी कागदाची घडी केली आणि उशीखाली ठेवली. मग भिंतीकडे पाहत म्हणाले, "तू हे आधी का नाही सांगितलेस?"

मित्रहो, या प्रश्नाला मी काय उत्तर देणार होतो? नियम मला नववीपासून पाठ होते. घाटाचा रस्ताही होता. पण आजोबा थापा मारतात असे मी एकदा ठरवून टाकले होते आणि ठरवून टाकलेल्या ठिकाणी कुणी बघायला जात नाही.